दगड नसलेला दगडी पूल

आमच्या गावाच्या नदीवर जो पूल आहे त्याला सगळे दगडी पूल म्हणतात. त्याच्या खांबांत दगड आहेत, पायातही आहेत, पण कमानीत एकही दगड नाही. वडील हे जन्मभर सांगत राहिले आणि कुणी ऐकलं नाही. ते गेल्यावर सांगायची पाळी माझ्यावर आली. मला बोलता फारसं येत नाही. मी केजला एका हायस्कुलाच्या वाचनालयात पुस्तकं सांभाळते, लिहायलाही मला वेळ लागतो. हे गेल्या उन्हाळ्यापासून लिहिते आहे.

पूल निजामाच्या राजवटीतला. तीन कमानी, वर अरुंद रस्ता, दोन्ही अंगांना कमरेएवढा कठडा. माझे आजोबा त्या कामावर घमेली वाहायला होते. ते सांगायचे ते दादांनी मला सांगितलं. वडिलांना आम्ही दादा म्हणायचो. काम संपलं, खालचा लाकडी सांगाडा काढला आणि कमानी तेवढ्या उभ्या राहिल्या, तेव्हा कुणी पुलावर पाय ठेवीना. लोकांनी कमान पाहिली होती ती वेशीची, देवळाची, मशिदीची. तिच्यात दगडाला दगड लागलेला दिसतो, मधोमध कळीचा दगड दिसतो. ही कमान म्हणजे नुसती राखाडी, गुळगुळीत, न सांधलेली. गाड्या घेऊन आलेले लोक पुलापाशी थांबायचे, वर बघायचे आणि बैल नदीच्या पात्रात घालायचे. काही आठवडे असंच चाललं. पूल कोरडा आणि खाली गाड्यांच्या चाकोऱ्या.

त्या कामावर एक मुसलमान मिस्त्री होता, बीडकडचा. त्यानं शेवटी कमानींच्या बाहेरच्या अंगाला गिलावा दिला आणि गिलावा ओला असतानाच दोरी धरून, खिळ्यानं त्यावर रेघा ओढल्या. आडव्या, तिरप्या, जिथं जशा दगडात पडतात तशा. मधोमध कळीचा दगडसुद्धा काढला, बाकीच्यांपेक्षा बोटभर मोठा. वाळल्यावर लोक आले, त्यांनी बघितलं आणि म्हणाले, हां, आता झाला पूल. दुसऱ्या दिवसापासून गाड्या वरून जायला लागल्या. मिस्त्री म्हणे खाली वाळूत बसून हसत होता. पुढं कधीतरी कमानींच्या पोटालाही गिलावा बसला आणि तिथंही कुणी तशाच रेघा ओढून ठेवल्या.

दादांना ही गोष्ट फार आवडायची. पश्चिमेच्या कमानीवर एका ठिकाणी मिस्त्रीची दोरी सरकली असणार, तिथं दोन रेघा एकमेकींवरून गेल्या आहेत. दगडात तसं होऊच शकत नाही. लहानपणी दादांनी मला पाण्यात उभं करून ती जागा दाखवली होती. मी शाळेत हे सांगितलं तेव्हा गुरुजी म्हणाले होते, दगडी पुलात दगड नाही तर काय गूळ आहे का? पोरं बरेच दिवस मला गूळ म्हणत होती. घरी येऊन रडले तर दादांनी समजूत काढली नाही. म्हणाले, "रडती कावून? तू खरं बोललीस न्हवं? मग त्येंनी रडावं."

दादा मैलकुली होते. हा शब्द आता फारसा कुणी वापरत नाही. रस्त्याचा ठरावीक तुकडा एका माणसाच्या ताब्यात असायचा. खड्डे भरणं, कडेचं गवत काढणं, पावसात वाहून गेलेला मुरूम परत ओढून आणणं ही त्याची कामं. दादांच्या तुकड्यात हा पूल होता आणि तीस वर्षं तो त्यांच्याकडं राहिला. पुलावरचं पाणी खाली जावं म्हणून कठड्याच्या बुडाशी भोकं ठेवलेली आहेत, दोन्हीकडं नऊ-नऊ. त्यांत माती बसते, उसाचं पाचट अडकतं, पिंपळाचं रोप उगवतं. दादा लांब सळई घेऊन ती अठरा भोकं मोकळी करायचे. पाऊसकाळात आठवड्याला, एरवी महिन्याला. पिंपळ दिसला की मुळासकट काढायचे आणि काढताना त्याच्याशी बोलायचे, दुसरीकडं उगव बाबा, जागा काय कमी हाय का. पुलाला पाणी काय करतं असं मी एकदा विचारलं होतं. ते म्हणाले, "वाहून गेलं तर काय न्हाई करत. साचलं की आतल्या लोखंडात शिरतं. दगडी पुलात लोखंड कावून असंल, सांग बरं?"

सेवेतून सुटल्यावरही सळई त्यांनी परत दिली नाही. मागायला कुणी आलंही नाही. नंतर त्या जागी दुसरा माणूस नेमला गेला नाही, म्हणून दादा सवयीनं जात राहिले.

चार वर्षांपूर्वी पुलाच्या दोन्ही टोकांना पत्र्याच्या पाट्या लागल्या. पूल धोकादायक आहे, जड वाहनांना बंदी. बंदी कुणी पाळली नाही, उसाच्या ट्रॉल्या जातच होत्या, पण नवा पूल मंजूर झाल्याचं आणि जुना पाडायचा असल्याचं त्या पाट्यांमुळं गावाला कळलं. नवा पूल व्हावा याला दादांची हरकत नव्हती. जुना अरुंद आहे, दोन गाड्या समोरासमोर आल्या तर एकीला मागं जावं लागतं, हे ते स्वतःच म्हणायचे. मात्र जुना पाडायचा कशासाठी हे त्यांना बघायचं होतं. मी अर्ज केला, तपासणीच्या अहवालाची नक्कल मिळाली आणि ओसरीवर बसून मी ती त्यांना वाचून दाखवली.

त्यात लिहिलं होतं की पूल दगडी कमानीचा असून दगडांचे सांधे मोकळे झाले आहेत, सांध्यांतला चुना निघून गेला आहे. मिस्त्रीच्या रेघा जुन्या होऊन जागोजागी उकलल्या होत्या, ते सांधे समजले गेले होते. दादा मोठ्यानं हसले. म्हणाले, त्या मिस्त्रीनं अख्खा गाव फसवला आणि अजून फसवतोय, लई गुणी माणूस. मग मी पुढचं वाचलं. देखभालीअभावी पुलाची ही अवस्था झाली आहे, असं ते वाक्य होतं. दादांचं हसू तिथंच थांबलं. त्यांनी मला तो शब्द परत वाचायला लावला. मी वाचला. देखभालीअभावी.

त्यानंतर ते दोनदा बांधकाम खात्याच्या कचेरीत गेले. तिथल्या लोकांनी त्यांना पाणी दिलं, बसायला दिलं, ओळखलंसुद्धा. ऐकून कुणी घेतलं नाही. जुन्या रजिस्टरात दगडी पूल लिहिलेलं होतं, अहवालात दगडी लिहिलेलं होतं, गाव दगडी म्हणत होतं. एका कारकुनानं त्यांना समजावून सांगितलं की कागदापुढं तोंडी गोष्ट चालत नाही. तो वाईट माणूस नव्हता. दुसऱ्या खेपेनंतर त्यांनी अंथरूण धरलं ते सोडलं नाही. माझं असं म्हणणं नाही की एका शब्दानं माणूस मरतो. त्यांचं वय झालं होतं, छाती आधीच कमजोर होती. पण शेवटच्या महिन्यांत मी रोज संध्याकाळी केजहून जीपनं यायचे आणि आल्या आल्या ते मला पहिला प्रश्न पुलाचा विचारायचे. कुणी आलं होतं का, बघितलं का. मी नाही म्हणायचे.

ते फाल्गुनात गेले.

आमची स्मशानाची जागा नदीकाठी आहे, पुलापासून हाकेच्या अंतरावर. मला भाऊ नाही, म्हणून अग्नी काकांनी दिला, दादांचे धाकटे भाऊ. आमच्याकडं अग्नी देणारा खांद्यावर पाण्याचं मडकं घेऊन चितेभोवती फिरतो आणि प्रत्येक फेरीला मागून एक जण दगडानं मडक्याला भोक पाडतो. त्या दगडाला जीवखडा म्हणतात. गेलेल्याचा जीव दहा दिवस त्यात असतो असं मानतात. तो दगड घरात आणत नाहीत, पण हरवूही देत नाहीत. दहाव्याला सगळे त्याच्यावर तीळ-पाणी घालतात आणि मग तो नदीत सोडतात. त्या दिवशी घाईत कुणीतरी पात्रातून हाताला लागेल तो खडा उचलला. मुठीपेक्षा थोडा मोठा. मडकं फुटलं, खडा फडक्यात बांधला गेला आणि काकांनी तो दारातल्या निंबाला टांगला.

दहा दिवस मी त्या फडक्याकडं बघत बसले. माझा यावर विश्वास आहे की नाही, हे मला सांगता येणार नाही. रोज सकाळी काका त्याच्यावर पाणी शिंपडायचे आणि मी उठून उभी राहायचे एवढं खरं.

दहाव्याला सगळे नदीवर गेलो. पिंड ठेवले. कावळा लवकर शिवला, आणि दादांची काही इच्छा राहिली नाही म्हणून बायका डोळे पुसायला लागल्या. मला कावळ्याचा राग आला. मग महाराजांनी, म्हणजे आमच्या भटजींनी, जीवखडा वाळूवर ठेवला आणि एकेकानं येऊन ओंजळीनं पाणी घालायला सुरुवात केली. माझी ओंजळ शेवटची होती. तोवर त्याच्यावरची सगळी धूळ-माती वाहून गेली होती. मी पाणी घालायला वाकले आणि वाकलेलीच राहिले.

तो दगड नव्हता. राखाडी गाऱ्यात नदीतले गोल गोटे बसलेले होते, हरभऱ्याएवढे, बोराएवढे. एका अंगाला सपाट गिलाव्याचा पापुद्रा होता आणि त्यावर खिळ्यानं ओढलेली अर्धी रेघ. दुसऱ्या अंगाला बोटाएवढी गोल खाच, आतून तांबूस, गंजाची. लोखंडी सळई तिथं बसलेली होती. गेल्या हंगामात उसाच्या ट्रॉलीनं कठडा फोडला होता, तेव्हा कमानीच्या कडेचा हा तुकडा खाली पडला असणार. दादा तेव्हा अंथरुणावर होते. एरवी त्यांच्या नजरेतून तो सुटला नसता.

काकांनी खडा उचलला आणि ते पाण्याकडं निघाले.

"काका, थांबा," मी म्हणाले. "त्यो दगड न्हाई."

सगळे माझ्याकडं बघायला लागले. काका थांबले. "मग काय हाय?"

"पुलाचा तुकडा हाय. बघा, शिमिट हाय. सळईची खाच हाय. दादा सांगायचे ते हे. मला द्या तो."

काकांनी खडा बघितला नाही. ते माझ्याकडंच बघत होते. "धा दिस ह्याला भाऊ म्हणून पाणी घातलं मी. आन आता म्हणती दगड न्हाई."

महाराजांना हे लवकर संपवायचं होतं, त्यांना वडवणीला दुसरीकडं जायचं होतं. ते म्हणाले की दगड म्हणून संकल्प केला म्हणजे तो दगडच, त्यात आता शंका काढू नये. मी म्हणाले की कचेरीतही हेच म्हणतात. मागं कुणीतरी हसलं. काकांनी मला समजावून पाहिलं. खाली पात्रात असे अजून तुकडे पडले असतील, ते घे. मी विचारलं, नसले तर? मग त्यांचा आवाज चढला. भावाचा जीव माझ्या कागदपत्रांसाठी अडकवून ठेवायचा का, लोक काय म्हणतील, पुस्तकं वाचून डोकं फिरलं का माझं. हे सगळं ते रडत बोलत होते, म्हणून मी उलटून बोलले नाही. मी फक्त वाटेत उभी राहिले, त्यांच्या आणि पाण्याच्या मध्ये, पदर ओला झाला तरी. आयुष्यात मी कुणाची वाट अडवली ती तेवढीच.

शेवटी काकांनीच तोडगा काढला. तुकडा फोडू, अर्धा नदीला, अर्धा तुला. महाराजांनी हरकत घेतली नाही. काकांनी तुकडा खडकावर ठेवला, काठावरचा एक काळा दगड दोन्ही हातांनी उचलला आणि घाव घातला. काही झालं नाही. दुसरा घाव जोरात घातला. तिसरा त्याहून जोरात. तिसऱ्या घावाला काळा दगड मधोमध दुभंगला आणि त्याचं एक फाकळ काकांच्या पायाशी पडलं. पुलाच्या तुकड्याला कडेला पांढरा ओरखडा तेवढा आला होता.

काका घामानं भिजले होते. ते खाली बसले, तुकडा त्यांनी हातात घेतला आणि पहिल्यांदाच नीट बघितला. रेघेवरून अंगठा फिरवला. म्हणाले, "लई हट्टी होता त्यो. म्हातारपणी तर लईच."

महाराज म्हणाले, "जो फुटला तो जाऊ द्या. घाला त्याच्यावर पाणी."

त्या काळ्या दगडाच्या फाकळावर आम्ही पुन्हा ओंजळी घातल्या आणि काकांनी ते नदीत सोडलं. शास्त्रात हे बसतं की नाही, मी कुणाला विचारलेलं नाही. विचारणारही नाही.

पुढच्या आठवड्यात मी तो तुकडा पिशवीत घालून कचेरीत गेले. नव्यानं बदलून आलेला एक तरुण इंजिनिअर होता. त्यानं तुकडा बघितला, खाचेत पेन्सिल घालून बघितली आणि हा कुठं सापडला असं विचारलं. मी खरं ते सांगितलं. तो एकदम उभा राहिला आणि त्यानं तुकडा टेबलावर हळू ठेवला. दुसऱ्या दिवशी तो मोटारसायकलवर पुलावर आला. फुटलेल्या कठड्याच्या जागी मी त्याला पोटावर झोपून खाली बघायला लावलं. रस्त्यावरून ती जागा दिसत नाही, वाकावंच लागतं. कमानीच्या माथ्याची कड तिथं निखळलेली होती आणि त्यातून एक गंजकी सळई बाहेर आली होती. मग आम्ही नदीत उतरलो. त्यानं गाडीच्या किल्लीनं एक सांधा खरवडला. गिलाव्याची पूड पडली, रेघ गेली, खाली अखंड राखाडी. मी त्याला दोन रेघा एकमेकींवरून गेल्या आहेत ती जागाही दाखवली.

तो म्हणाला, "आमचे लोक कागद बघून आले होते, मॅडम. कागदावर दगडी आहे म्हटल्यावर दगडच दिसले."

त्यानं टाळाटाळ केली नाही. कमानीतून नमुने काढून तपासायला लावले आणि अहवाल नव्यानं लिहायला घेतला. तुकडा नमुना म्हणून ठेवून घ्यायचं म्हणत होता, मी दिला नाही. फोटो काढून घ्या म्हणाले. आणि त्या एका शब्दाचं मी विचारलं. तो जरा ओशाळला. म्हणाला की ते वाक्य ठरलेलं असतं, सगळ्याच जुन्या पुलांच्या अहवालांत जातं, त्यात कुणावर आरोप नसतो. मी त्याला अठरा भोकं मोजायला लावली. दादा अंथरुणाला लागल्यापासून दोन वर्षं सळई मी चालवत होते, ती सगळी मोकळी होती. मी म्हणाले, सगळ्या पुलांचं मला माहीत नाही, या पुलाच्या कागदातून तो शब्द निघाला पाहिजे. तो निघेपर्यंत मी दर सोमवारी कचेरीत जाऊन बसले. बोलले काही नाही. बरोबर पुस्तक न्यायचे आणि वाचत बसायचे. सातव्या सोमवारी मला नव्या अहवालाची नक्कल मिळाली. त्यात कमान लोखंडी सळयांच्या काँक्रीटची आहे असं होतं आणि देखभालीअभावी नव्हतं.

जुना पूल पाडायचं काम सध्या थांबलं आहे. कायमचं थांबलं असं कुणी लिहून दिलेलं नाही. नवा पूल वरच्या अंगाला होतो आहे, गुत्तेदाराची माणसं खांब उभे करतायत. गाव अजून दगडी पूलच म्हणतं. इंजिनिअरची बदली झाली, जाताना तोही दगडी पूलच म्हणाला आणि जीभ चावली.

तुकडा वर्षभर माझ्या खोलीत पुस्तकांच्या फळीवर होता. वर्षश्राद्धाच्या सकाळी काका आले, पिशवीत थोडं शिमिट आणि वाळू घेऊन. कुठं हाय त्यो, एवढंच विचारलं. मला वाटलं, आता नदीत नेतात. मी तुकडा हातात घट्ट धरूनच त्यांच्याबरोबर निघाले. पण ते पात्रात उतरले नाहीत. फुटलेल्या कठड्यापाशी गेले, पोटावर झोपले आणि हात मागं केला. मी तुकडा दिला. दोन-तीनदा फिरवून बघितल्यावर तो जागच्या जागी बसला. फक्त ओरखड्याच्या बाजूला जराशी फट राहिली. परवानगी घेतली नव्हती, घ्यायची आम्हा दोघांनाही सुचली नाही. काकांनी सळई घासून साफ केली, गारा कालवला, तुकडा बसवला आणि वरून थापीनं सारखा केला.

मग त्यांनी खिशातून खिळा काढला. अर्धी राहिलेली रेघ त्यांना पुरी करायची होती, बाकीच्यांशी जुळावी म्हणून.

"रेघ नका मारू, काका," मी म्हणाले.

"कावून? वेगळं दिसंल की."

"दिसू द्या."

त्यांनी थोडा वेळ खिळा हातात धरला. मग तो नदीत टाकला आणि हात पुसले. मी सळई घेऊन पहिल्या भोकापासून सुरुवात केली.